ढोल-ताशा पथकाची लय आणि नेमकेपणा: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जूनच्या अखेरीस नदीपात्रात, पुलांखाली, शाळांच्या मैदानांवर सराव सुरू झाले की दरवर्षी तेच तेच प्रश्न येतात. काही नवीन वादकांचे असतात, काही वीस वर्षं ढोल बांधणाऱ्यांचे. मी ताशेवाला आहे, त्यामुळे उत्तरांत थोडा ताशाचा पक्षपात दिसला तर समजून घ्या. इथे जे लिहिलं आहे ते पुण्याच्या पद्धतीच्या पथकांना धरून आहे: ढोलाच्या एका बाजूला टिपरू (वाजवायची काठी), दुसऱ्या बाजूला थापी (हाताने मारायची थाप), पुढे काड्यांनी वाजणारे ताशे, सोबत टोल (दांड्याने वाजवायचं धातूचं वाद्य) आणि ध्वज.

आमच्या पथकाचा आवाज दणदणीत आहे. मग मोबाइलवर काढलेल्या व्हिडिओत नुसता गोंगाट का ऐकू येतो?

कारण मोठा आवाज आणि एकत्र आवाज या वेगळ्या गोष्टी आहेत. साठ ढोल एकाच क्षणी पडले तर "धम्म" असा एकच ठोका ऐकू येतो आणि छातीत बसतो. तेच साठ ढोल थोडे थोडे मागेपुढे पडले तर "धर्रर्र" ऐकू येतं. आत उभ्या असलेल्या वादकाला हे कळत नाही, कारण त्याला स्वतःचा आणि शेजारच्या दोघांचाच ढोल ऐकू येतो. लोकांना मात्र कळतं. मोबाइलला तर फारच कळतं.

ढोल चुकीच्या जागी मारणारे वादक थोडे असतात. बहुतेकांचं चुकतं ते दोन ठोक्यांमधल्या रिकाम्या जागेत. ठोका सगळे मेहनत घेऊन शिकतात, रिकामी जागा कुणी शिकत नाही. ती प्रत्येकाच्या उत्साहाप्रमाणे आक्रसते, आणि उत्साह काही सगळ्यांचा सारखा नसतो. खाली दिलेले बहुतेक सराव या रिकाम्या जागेचेच आहेत.

पथक लांबलचक असतं. मागच्यांनी पुढच्या ताशाकडे कान द्यायचा की नाही?

आवाज सेकंदाला साधारण ३४५ मीटर जातो. पथक ३० मीटर लांब असेल तर पुढच्या ताशाचा ठोका शेवटच्या रांगेपर्यंत पोचायला सुमारे ०.०९ सेकंद लागतात. मिनिटाला १२० मात्रांची (मोजायच्या ठोक्यांची) लय धरली तर एक मात्रा अर्ध्या सेकंदाची आणि तिचा चौथा भाग ०.१२५ सेकंदाचा. म्हणजे मागचा वादक कितीही इमानदारीने ताशा ऐकून वाजवत असला, तरी तो पाव मात्रेच्या दोन-तृतीयांश तरी मागे असतो. त्याचा ढोल पुन्हा पुढे ऐकू जाईपर्यंत तितकाच वेळ आणखी जातो. मग पुढचे म्हणतात, मागचे ओढतात. मागचे म्हणतात, पुढचे पळतात. आणि दोघांचंही खरं असतं!

यावर आमचा नियम साधा आहे. दहा मीटरच्या आत कान, त्यापलीकडे डोळे. प्रकाशाला उशीर होत नाही. पथकप्रमुखाचा हात, टोल वाजवणाऱ्याचा दांडा किंवा पुढच्या रांगेच्या टिपरूची उंची, जे ठरवाल ते, पण सगळ्यांनी एकच ठरवायचं. दुसरा उपाय मांडणीचा. ताशे आणि टोल अगदी पुढे न ठेवता मध्यावर आणले की दोन्ही टोकांचं अंतर निम्मं होतं आणि चूकही निम्मी.

सरावासाठी पथकाचे दोन भाग करा आणि मैदानाच्या दोन टोकांना समोरासमोर उभे करा. आधी डोळे मिटून एक हात (बसवलेला वादनाचा तुकडा) वाजवा. मग डोळे उघडून, मध्ये उभ्या असलेल्या एकाच्या हाताकडे बघत तोच हात पुन्हा वाजवा. मध्यावर फोन ठेवून दोन्ही वेळा रेकॉर्ड करा. त्यानंतर कुणाला व्याख्यान द्यावं लागत नाही.

नवीन मुलामुलींना पहिल्या दिवशी ढोल द्यावा का?

देऊ नये. त्यांना राग येईल, येऊ द्या. कमरेला ढोल बांधला की सगळं लक्ष वजनाकडे, पट्ट्याकडे आणि सेल्फीकडे जातं.

पहिले चार-पाच दिवस पाऊल, टाळी आणि तोंड. पाऊल जागेवर पडत राहील, टाळी समेवर (पहिल्या मात्रेवर), आणि तोंडाने बोल म्हणायचे. ज्यांनी तबला शिकला आहे त्यांना पढंत माहीत असते. ज्यांनी शिकला नाही त्यांना केरव्याच्या आठ मात्रा पुरतात: धा गे ना ती, न क धी न. एकदा हे पाठ झालं की टाळी समेवरून हलवून पाचव्या मात्रेवर न्या, पण पाऊल आणि तोंड तसंच चालू ठेवा. इथे निम्मे गडबडतात. मग टाळी मधल्या रिकाम्या जागेत, म्हणजे "धा" आणि "गे" यांच्या बरोबर मध्ये आणा. ज्याला हे शांतपणे जमतं त्याला ढोल द्या, तो पुढे त्रास देणार नाही.

एक अनुभव सांगतो. आमच्याकडे एक जण आला होता, भरतनाट्यम शिकलेला. ढोल आयुष्यात हातात घेतला नव्हता. तिसऱ्या दिवशी तो चार वर्षं वाजवणाऱ्यांपेक्षा नेमका वाजवत होता. त्याच्या मनगटाला सवय नव्हती, पण पाय आणि मोजणी पक्की होती. मनगट आठवड्याभरात तयार होतं.

मेट्रोनोम वापरायचा का? आपलं वादन म्हणजे काही यंत्र नाही.

हा प्रश्न दरवर्षी येतो, आणि बहुतेक वेळा ज्याची लय पळते त्याच्याकडूनच येतो.

मेट्रोनोम सरावात वापरायचा, मिरवणुकीत नाही. तो लय शिकवत नाही, आपली लय कुठे घसरते ते दाखवतो. फोनवर फुकट ॲप मिळतात. अडचण एकच: ढोलांच्या गदारोळात टिकटिक ऐकूच येत नाही. म्हणून दोन मार्ग. आठ-दहा जणांच्या तुकडीला छोटा स्पीकर पुरतो. पूर्ण पथकाच्या सरावात फक्त टोल वाजवणाऱ्याच्या एका कानात इअरफोन द्यायचा आणि बाकीच्यांनी टोल धरायचा.

सगळ्यात उपयोगी पडणारा सराव शांततेचा आहे. चार आवर्तनं (ठेक्याच्या पूर्ण फेऱ्या) टिकटिक चालू, चार आवर्तनं बंद, पुन्हा चालू. बंद असताना वादन थांबवायचं नाही. टिकटिक परत येते तेव्हा ती आपल्या ठोक्यावर पडली तर लय आपली झाली. आधी किंवा नंतर पडली तर चूक ऐकायला मिळते. जमलं की आठ आवर्तनं बंद, मग सोळा. सोळा आवर्तनं बरोबर सांभाळणारी तुकडी मी मोजून दोनदा पाहिली आहे.

ॲप नको असेल तर घड्याळ आहेच. आठ मात्रांच्या ठेक्याची दहा आवर्तनं म्हणजे ८० मात्रा. मिनिटाला १२० च्या लयीत त्या ४० सेकंदांत संपायला हव्यात. ३७ सेकंदांत संपल्या तर तुम्ही १३० च्या आसपास पळत होता. एकाने लांब उभं राहून स्टॉपवॉच लावायचं आणि वादकांना आकडा शेवटी सांगायचा. आधी त्यांनाच विचारायचं, काय वाटतं? जवळजवळ नेहमीच उत्तर येतं, "एकदम स्थिर होतो."

लय पळते. शिव्या घालून झाल्या, उपयोग नाही. काय करावं?

शिव्यांनी आणखी पळते, कारण घाबरलेला हात लवकर पडतो.

पळण्याची ठिकाणं ठरलेली आहेत. आवाज वाढवताना लय वाढते. ठेका सोपा झाला की वाढते. लोकांनी शिट्ट्या मारल्या की वाढते. आणि जिथे एक-दोन मात्रा गप्प राहायचं असतं, तिथे सगळ्यात जास्त वाढते. गप्प राहणं वादकाला सहन होत नाही, तो पुढच्या ठोक्यावर उडी घेतो.

म्हणून गप्प मात्रा भरायला शिकवा. अमेरिकेतल्या ड्रमलाइनमध्ये, म्हणजे कवायती बँडमधल्या ढोलवादकांच्या तुकडीत, रिकाम्या मात्रांवर सगळे वादक तोंडाने "डट, डट" असा आवाज काढतात. आपल्याकडे कीर्तनातल्या टाळकऱ्याची मान हलते, गायकाची बोटं मांडीवर मात्रा मोजतात, गोष्ट तीच. आमच्या सरावात आम्ही "हं" म्हणतो. तीन ठोके आणि एक "हं". सात ठोके आणि एक "हं". "हं" सगळ्यांचा एकत्र आला की पुढचा ठोका आपोआप एकत्र पडतो. जमल्यावर आवाज काढायचा नाही, फक्त मनात.

याच सरावाचं पुढचं रूप म्हणजे वजाबाकी. आठ मात्रांचा ठेका, प्रत्येक मात्रेवर एक ठोका. पहिल्या आवर्तनात आठही वाजवा. दुसऱ्यात आठवी सोडा. तिसऱ्यात सातवी आणि आठवी. असं करत शेवटी फक्त सम उरते आणि सात मात्रांची शांतता. मग परत एकेक ठोका जोडत या. शंभर जण मैदानात, सात मात्रा चिडीचूप, आणि मग एकच "धम्म". हे जमलं त्या संध्याकाळी मुलं घरी जायला तयार नसतात.

दुसरा सराव आवाजाचा. लय न बदलता आठ आवर्तनांत कुजबुजीपासून पूर्ण ताकदीपर्यंत जायचं आणि आठ आवर्तनांत परत यायचं. वर जाताना लय वाढते हे सगळ्यांना माहीत आहे. खाली येताना ती पडते, याकडे लक्ष फार कमी जातं.

आणि हळू वाजवा. मिनिटाला ६० मात्रांवर एक हात दहा मिनिटं सलग वाजवून बघा. वेगात झाकलेलं सगळं उघडं पडतं. "हळू वाजवलं की मजा येत नाही" ही तक्रार मला मान्य आहे. सराव मजेसाठी नसतोच सगळा.

टिपरू किती उंच उचलायचं?

सगळ्यांनी सारखं. आकडा त्यानंतर ठरवा.

टिपरू खांद्यावरून आणणारा आणि कमरेपासून आणणारा हे दोघं एकाच क्षणी हात खाली टाकायला लागले, तर ठोके एकत्र पडणार नाहीत. लांबून येणाऱ्याला आधी निघावं लागतं. म्हणून उंची वेगवेगळी असेल तिथे ठोका फाटतोच. आम्ही तीन उंच्या ठरवल्या आहेत: वीतभर, छातीपर्यंत आणि खांद्याच्या वर. जोरकस ठोका वरून, साधा वीतभरावरून. सरावात रांगेला आडवं उभं राहून एकाने फक्त टिपरूंची टोकं बघायची, आवाज ऐकायचाच नाही. टोकं एका रेषेत दिसली की आवाजही एका रेषेत येतो.

पानावर (ढोलाच्या ताणलेल्या पडद्यावर) कुठे मारायचं हेही ठरलेलं हवं. मध्यावर आणि कडेजवळ वेगळा नाद निघतो. खडूने पानावर चार बोटांचा गोल काढा आणि दहा मिनिटांनी टिपरूच्या टोकाला खडू किती लागला ते बघा.

थापी नेहमी उशिरा का येते?

कारण डाव्या हाताचा सराव कुणी वेगळा करत नाही. रोज पाच मिनिटं टिपरू खाली ठेवून फक्त थापी वाजवा, तीही मेट्रोनोमवर. बोटांना चिकटपट्टी आधीच लावा, कातडी सोलल्यावर नको. सोललेला हात वेदना टाळायला जातो आणि ठोका मागे पडतो.

ताशाची तर्री एकसंध कशी आणायची?

आता माझ्या गल्लीत आलात.

तर्री, म्हणजे ताशावरचा वेगवान अखंड नाद, दुरून रेशमासारखी सलग वाटते. जवळून ती मोजलेल्या काड्यांचीच (काडीच्या ठोक्यांचीच) असते, आणि मोजणी सुटली की रेशमाचं गोणपाट होतं. दोन ताशेवाल्यांच्या तर्ऱ्या जुळत नाहीत तेव्हा वेग कमी पडलेला नसतो. एक जण मात्रेत सहा काड्या टाकत असतो आणि दुसरा आठ.

सुरुवात एका हाताने. उजव्याने आठ, डाव्याने आठ. मग चार-चार, दोन-दोन, एक-एक. शेवटचं एक-एक दोनदा घ्या, म्हणजे ३२ काड्या पुऱ्या होतात आणि आवर्तन समेवर येतं. लय ६०, मात्रेला चार काड्या. आवाजावरून हात ओळखू येता कामा नये. दुसऱ्याला पाठ करून उभं करा आणि विचारा, उजवा कुठला आणि डावा कुठला? त्याने ओळखलं की पुन्हा पहिल्यापासून. लय पाच-पाचने वाढवायची आणि एका दिवसात दोनदाच. मी स्वतः घाईने वाढवली होती, आणि माझा डावा हात दोन वर्षं लंगडत होता.

मग पायऱ्या. एका मात्रेत एक काडी, मग दोन, तीन, चार, सहा, आठ, आणि परत खाली. पाऊल मात्रेवर पडत राहील. तीनवरून चारवर जाताना बहुतेकांचं पाऊल डगमगतं. फक्त तीन-चार, तीन-चार असं पाच मिनिटं करा. दोनवरून तीनवर येतानाही तीच गत होते.

तर्री थांबवणं हा वेगळा विषय आहे. सुरू सगळे एकत्र करतात, थांबतात आपापल्या मर्जीने. शेवटची काडी कोणत्या मात्रेवर पडणार हे बोलून ठरवा आणि ती जोरकस मारा. ढोल त्या काडीवरूनच उठतात. ती पुसट पडली तर मागचे पन्नास जण अंदाजाने उठणार.

काड्यांबद्दल एवढंच: दोन्ही सारख्या वजनाच्या हव्यात. एक वेताची आणि एक फायबरची घेऊन येणारे महाभाग दरवर्षी असतात.

टोल वाजवायला सराव कशाला लागतो? तिथे तर एकच ठोका असतो.

बऱ्याच पथकांत जो ढोल उचलू शकत नाही त्याला टोल देतात. माझ्या मते टोल पथकातल्या सगळ्यात स्थिर माणसाला द्यावा, मग तो ताशातला हुकमी एक्का असला तरी. टोलाचा धातूचा आवाज ढोलांच्या गदारोळातून आरपार जातो आणि सगळं पथक नकळत त्याला चिकटतं. टोल चुकला तर शंभर जण चुकतात. त्या माणसाला कंटाळा न येण्याची देणगी हवी, हे मात्र खरं.

उभं राहून छान वाजतं. चालायला लागलं की बिघडतं.

उभं राहून सराव केला म्हणून. स्थिर वादन आणि मिरवणूक यांचे सराव वेगळे करा.

आधी जागेवर पाऊल, ढोल न बांधता. मग ढोल बांधून, न वाजवता. मग एक आवर्तन चालायचं, एक आवर्तन थांबायचं, पाऊल मात्र दोन्हीत चालू. मिरवणुकीत सलग चालणं फार नसतं. पन्नास पावलं पुढे आणि वीस मिनिटं उभं, असाच प्रकार. चालता चालता थांबताना आणि थांबलेलं निघतानाच लय सुटते, म्हणून सराव त्या सांध्याचा करायचा. पथकप्रमुखाने न सांगता हात वर केला की पुढच्या समेवर थांबायचं, पाऊल अर्धवट हवेत राहता कामा नये.

डावं पाऊल समेवर ही सवय चांगली. आठ किंवा सहा मात्रांच्या ठेक्यात ती आपोआप टिकते. सात मात्रांचं काही बसवलंत, तर दर आवर्तनाला सम दुसऱ्या पावलावर जाते आणि अर्धं पथक अडखळतं. हौसेने रूपक बसवणाऱ्यांनी हे आधी लक्षात घ्यावं.

लक्ष्मी रोडवर आल्यावर आमचं वादन वेगळंच ऐकू येतं. भास आहे का?

भास नाही. नदीपात्र मोकळं असतं, तिथे आवाज जातो तो जातो. मिरवणुकीच्या वाटेवरच्या लक्ष्मी रोडला दोन्ही बाजूंना इमारती उभ्या आहेत. समोरची भिंत दहा मीटरवर असेल तर आवाजाला जाऊन यायला वीस मीटर पडतात, म्हणजे सुमारे ०.०६ सेकंद. तुमचाच ठोका तुम्हाला दुसऱ्यांदा ऐकू येतो आणि नवखा वादक त्याच्या मागे जायला लागतो. बेलबाग चौकातून आत वळलं की हे जाणवतं, आणि अलका टॉकीजच्या चौकात बाहेर पडलं की एकदम सुटल्यासारखं वाटतं.

याचा सराव पुलाखाली होतो. वर स्लॅब, बाजूला खांब, त्यामुळे आवाज सगळीकडून परत येतो. आठवड्यातला एक सराव मुद्दाम तिथे घ्या, आणि डोळ्यांनी लय धरायचा नियम तिथे कडक पाळा. एक वर्ष आम्ही सगळा सराव मोकळ्यावर केला होता. मिरवणुकीत इमारतींच्या मधोमध तिहाई (एकच तुकडा तीनदा वाजवून समेवर येणं) घेतली आणि मागच्या दोन रांगा समेवर आल्याच नाहीत, अर्धी मात्रा नंतर आल्या. लोकांनी टाळ्या वाजवल्या. आम्ही एकमेकांकडे बघितलं नाही.

एका हातावरून दुसऱ्या हातावर जाताना गोंधळ होतो. तिहाई तर नेहमी सांडते.

हात बदलताना दोन गोष्टी लागतात: खूण कधी मिळणार आणि बदल कधी होणार. या दोन्हींमध्ये किमान एक पूर्ण आवर्तन असू द्या. ताशाने ऐनवेळी उठाव (बदलाची खूण) दिला तर पुढच्या चार जणांनाच कळतो. सरावात कुठलेही दोन हात चिठ्ठ्या काढून जोडा. पहिल्यावरून दुसऱ्यावर रोज जाणाऱ्याला पाचव्यावरून दुसऱ्यावर जाता येतंच असं नाही.

तिहाई हा हिशेब आहे, आवेश नाही. एकच तुकडा तीनदा वाजवून शेवटचा ठोका समेवर आणायचा. समेपासून सुरुवात केली तर तीन तुकडे आणि मधल्या दोन जागा मिळून आवर्तनापेक्षा एक मात्रा जास्त व्हायला हवी, कारण शेवटचा ठोका पुढच्या समेवर पडतो. सोळा मात्रांत पाच मात्रांचा तुकडा आणि मध्ये एक मात्रा जागा: पंधरा अधिक दोन, सतरा. बरोबर. किंवा तीन मात्रांचा तुकडा आणि चार मात्रांची जागा: नऊ अधिक आठ, पुन्हा सतरा. आठ मात्रांत तीनचा तुकडा जागा न ठेवता, म्हणजे बेदम: नऊ. सांडते ती दमदार, म्हणजे मध्ये जागा ठेवलेली तिहाई, कारण मधली जागा कुणी मोजत नाही. पुन्हा तेच दुखणं. तिथे "हं" वापरा.

एका सरावाची मांडणी कशी करावी?

दोन तासांचा सराव असेल तर पहिली वीस मिनिटं ढोल न बांधता. मग पाऊण तास तुकड्यांत: ताशे वेगळे, ढोल दहा-दहाच्या गटात, प्रत्येक गटाला एक जुना वादक. एकत्र वादन उरलेल्या वेळात. बहुतेक पथकं याच्या उलट करतात. पहिल्या मिनिटापासून सगळे एकत्र, मोठ्याने, आणि चुका आवाजाखाली गाडल्या जातात. रोज एकाच गोष्टीवर बोट ठेवा. आज उंची, उद्या गप्प मात्रा. आणि शेवटची दहा मिनिटं मनसोक्त वाजवू द्या, नाहीतर पुढच्या आठवड्यात मैदानात तुम्ही एकटेच.

घरी सराव कसा करायचा? शेजारी ओरडतात.

जुनं टायर किंवा घट्ट उशी. उशी उत्तम, कारण तिच्यावरून टिपरू उसळत नाही आणि मनगटाला सगळं काम करावं लागतं. ताशाच्या काड्या जाड वहीवर चालतात.

पावसाळ्यात पान उतरतं. त्याचा लयीशी संबंध आहे का?

आहे. चामड्याचं पान दमट हवेत सैल पडतं, आवाज बसतो आणि उसळी कमी होते. वादक नकळत जास्त जोर लावतो आणि मागे पडतो. फायबरच्या पानाला ओलीचा त्रास कमी, पण दोरी सैल होतेच. सरावाआधी सगळे ढोल एकाच माणसाने ओढून बघावेत. शेजारच्या दोन ढोलांच्या नादात फार फरक असेल तर एकत्र पडलेले ठोकेही वेगळे वाटतात.

कानात बोळे घातले तर लय कशी कळणार?

जास्त चांगली कळते. बोळ्याने कर्कशपणा कापला जातो आणि ठोक्याची धार स्पष्ट होते. दोन-तीन सरावांत सवय होते. अमेरिकेच्या नायॉश या कामगार-आरोग्य संस्थेच्या शिफारशीप्रमाणे ८५ डेसिबल आवाजात जास्तीत जास्त आठ तास आणि दर तीन डेसिबल वाढले की वेळ निम्मा, म्हणजे १०० डेसिबलला फक्त १५ मिनिटं. ताशाजवळ उभं राहणाऱ्यांनी आपला हिशेब करावा. माझ्या उजव्या कानात रात्री बारीक शिटी वाजते. मी बोळे फार उशिरा घालायला लागलो.

परदेशी ड्रमलाइनचे सराव आपल्याला चालतील का?

काही जसेच्या तसे चालतात. ड्रम कोअर इंटरनॅशनल या अमेरिकी स्पर्धा-संस्थेची पहिली अजिंक्यपद स्पर्धा १९७२ साली झाली. त्या पद्धतीच्या ड्रमलाइनमधून एका हाताने आठ-आठ ठोक्यांचा सराव, काठीची ठरलेली उंची आणि तोंडाने मोजणं, हे तिन्ही आम्ही बिनदिक्कत घेतलं आहे. घेऊ नये ते त्यांचं गोठलेलं शरीर. आपला वादक झुलतो, ढोल त्याच्याबरोबर झुलतो, आणि लोक तेही बघायला येतात. ज्ञान प्रबोधिनी, रमणबाग अशा शाळांच्या पथकांनी पुण्यात रांग आणि शिस्त आणली, तरी गावाकडच्या ढोलाचं झुलणं काही त्यांनी काढून टाकलं नाही.

आम्ही अमेरिकेत आहोत. आठवड्यातून एकदाच भेटतो, बाकी व्हिडिओ कॉल. जमेल?

कॉलवर एकत्र वाजवायचा प्रयत्न सोडून द्या. आवाज पोचायला लागणारा वेळ सतत बदलत राहतो, त्यावर कुठलाही सराव चालत नाही. त्याऐवजी एकाने मेट्रोनोमसह ताशा रेकॉर्ड करून सगळ्यांना पाठवावा, प्रत्येकाने त्यावर उशी बडवून स्वतःचं रेकॉर्डिंग परत पाठवावं. रविवारी पार्किंगमध्ये भेटाल तेव्हा कुणाचं काय चुकतं ते आधीच माहीत असेल, आणि पोलीस येईपर्यंतचा वेळ वाजवण्यात जाईल.

किती दिवसांत फरक दिसेल?

आठवड्याला चार सराव धरले तर लांब उभ्या माणसाला तिसऱ्या आठवड्यात फरक ऐकू येतो. आत वाजवणाऱ्याला त्याहून उशिरा. त्याला तो ऐकू येण्याआधी हाताला जाणवतो: त्याच ठोक्याला जोर कमी लागतो आणि शेजारच्या ढोलाचा हादरा आपल्याच पानातून आल्यासारखा वाटतो.

आणि जो कायम चुकतो, त्याचं काय?

त्याला टोलाशेजारी उभं करा, चार सराव. तरीही नाही जमलं तर ध्वज द्या. ध्वज नाचवायला ताकद लागते, नजर लागते, आणि मिरवणुकीत सगळ्यात आधी फोटो त्याचाच निघतो. आमच्याकडचे दोघं ध्वजावर गेले ते आता ढोल द्यायला लागलो तरी घेत नाहीत.